साठेखत आपलं, पण फ्लॅटवर जप्ती दुसऱ्याच्याच दाव्यात

एका वाचकाने विचारलंय की रिसेलचा फ्लॅट घ्यायचं ठरलं, साठेखत (म्हणजे पुढे विक्री करण्याचा करार) रजिस्टर झालं, बरीचशी रक्कम बँकेतून मालकाच्या खात्यात गेली, आता फक्त खरेदीखत आणि ताबा बाकी होता आणि तेवढ्यात दारावर कोर्टाचा जप्तीचा हुकूम चिकटवलेला दिसला. मालकाने कुणाकडून तरी पैसे घेतले होते, त्या माणसाने वसुलीचा दावा लावला आणि निकाल लागायच्या आधीच फ्लॅट जप्त करून घेतला. मालक म्हणतोय, "टेन्शन घेऊ नका, उरलेले पैसे द्या, मी मिटवतो." आता काय करायचं?

पहिलं म्हणजे उरलेल्यातला एक रुपयाही मालकाच्या हातात देऊ नका, तो कितीही गोड बोलला तरी. का ते खाली सांगतो.

निकालाआधी जप्ती झाली म्हणजे वादी केस जिंकला असं नाही. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत ऑर्डर ३८ रूल ५ आहे, त्यात कोर्टाला आधी हे पटावं लागतं की उद्या हुकूमनामा (कोर्टाचा अंतिम निकाल) झाला तरी वसुली लटकावी या हेतूनेच प्रतिवादी मालमत्ता विकायला किंवा कोर्टाच्या हद्दीबाहेर न्यायला निघालाय. नुसता विकतोय एवढं पुरत नाही, माणूस घर विकतोच. सुप्रीम कोर्टाने रमण टेक विरुद्ध सोलंकी ट्रेडर्स या केसमध्ये स्पष्ट म्हटलंय की हा अधिकार कडक आहे, जपून वापरायचा आणि विनातारण कर्ज तारणी करून घ्यायला तर नाहीच. शिवाय आधी प्रतिवादीला "सिक्युरिटी दे, नाहीतर का देत नाहीस ते सांग" असा आदेश द्यावा लागतो, तो न देताच केलेली जप्ती त्याच रूलच्या पोटनियम ४ प्रमाणे रद्दबातल धरली जाते. म्हणून वकिलामार्फत आधी हुकुमाची सर्टिफाइड कॉपी काढा, बऱ्याचदा तिथेच खोट सापडते.

पण तुमचा खरा आधार वेगळा आहे, तारखांचा. तुमचं साठेखत कधी रजिस्टर झालं आणि जप्ती कधी झाली? साठेखत आधीचं असेल तर त्याच ऑर्डर ३८ चा रूल १० म्हणतो की अशा जप्तीने दाव्यात पक्षकार नसलेल्यांच्या आधीपासूनच्या हक्कांना धक्का लागत नाही. एरवी त्याच संहितेच्या कलम ६४ प्रमाणे जप्तीनंतरची खाजगी विक्री जप्ती करणाऱ्याच्या हक्कापुढे टिकत नाही, पण जप्तीआधी झालेल्या आणि आधीच नोंदणीकृत असलेल्या करारानुसार विक्री होत असेल तर तिला सूट आहे, ही सूट २००२ च्या दुरुस्तीने आली. साठेखत नुसतं नोटरी केलेलं असतं तर मी एवढ्या ठामपणे बोललो नसतो. लोक स्टॅम्प ड्युटी वाचवायला नोटरीवर भागवतात आणि मग अशा वेळी अडकतात.

आता वेगळा दावा लावायच्या भानगडीत पडू नका. ज्या कोर्टाने जप्ती केली त्याच कोर्टात ऑर्डर ३८ च्या रूल ८ खाली हरकतीचा अर्ज करायचा, तो ऑर्डर २१ रूल ५८ च्या पद्धतीने चालतो, हक्काचा सगळा प्रश्न तिथेच ठरतो आणि त्या निर्णयाला हुकूमनाम्याचं बळ असतं, म्हणजे विरोधात गेला तर अपील आहे. उशीर मात्र करू नका, मुद्दाम किंवा विनाकारण उशीर केला असं वाटलं तर कोर्ट अर्जच ऐकून घेत नाही.

आणि पैशांचं. तुमचा करार आधीचा ठरला तर त्या फ्लॅटमध्ये मालकाचं उरतं काय, तर तुमच्याकडून येणं असलेली बाकी रक्कम, वादीची नजर त्यावरच जाणार. ती तुम्ही परस्पर मालकाला दिलीत तर वादी म्हणणार की दोघांनी मिळून पैसे पळवले. म्हणून अर्जातच लिहा की बाकी रक्कम कोर्टात भरायला तयार आहे. माझ्या मते या एका वाक्याने तुमचं म्हणणं प्रामाणिक वाटायला जेवढी मदत होते तेवढी दहा पानी युक्तिवादाने होत नाही. खरेदीखतसुद्धा कोर्टाचा आदेश हातात आल्यावरच करा, कायद्यात सूट आहे म्हणून घाई नको.

मालकाने पुरेशी सिक्युरिटी भरली तर ऑर्डर ३८ च्या रूल ९ प्रमाणे जप्ती उठते, तेव्हा तो खरंच मिटवणार असेल तर त्याला सांगा कोर्टात जाऊन मिटव.

समोरचा वकील साठेखत बनावट आहे, मालकाला वाचवायला केलंय असं म्हणणारच. त्यासाठी बँक स्टेटमेंट, लोनचं मंजुरीपत्र, सोसायटीचं ना-हरकत पत्र, मालकाबरोबरचे मेसेज सगळं तारखेनुसार लावून ठेवा. व्यवहारात काही रक्कम रोख दिली असेल तर ते वकिलाला आत्ताच सांगा, उलटतपासणीत बाहेर आलं की सावरायला जागा राहत नाही.