दोन घरं, दोन ब्रश

प्रश्न : मुलगा पाच वर्षांचा आहे. घटस्फोटानंतर तो शनिवार-रविवार वडिलांकडे असतो. वडील आता दुसरं लग्न करताहेत. त्याला कोणतं पुस्तक वाचून दाखवू?

उत्तर : आधी क्लेअर माझुरेल यांचं ‘टू होम्स’ (२००१). त्यातल्या ॲलेक्सची घरं दोन, खोल्या दोन, दात घासायचे ब्रशही दोन. भांडण नाही, कोर्ट नाही. इंग्रजी अगदी सोपं आहे, वाचताना मराठीत सांगत जा. शक्य असेल तर दोन प्रती घ्या, एक वडिलांकडे ठेवा.

‘डायनोसॉर्स डिव्होर्स’ (१९८६) चित्रपट्ट्यांतून सावत्र आई-वडील, सावत्र भावंडांपर्यंत जातं. पण ते सलग वाचू नका. आज जो प्रश्न आला, तेवढंच पान.

वाचायची वेळ दुपारची, दहा मिनिटं पुरे. झोपताना नको आणि वडिलांकडे निघायच्या दिवशी तर नकोच. ‘तुलाही असंच वाटतं ना?’ असं विचारलं की मुलं गप्प होतात. ‘ॲलेक्सला काय वाटत असेल?’ विचारा.

एरिश केस्टनर यांच्या १९४९ च्या कादंबरीत जुळ्या बहिणी आई-बाबांना पुन्हा एकत्र आणतात. कादंबरी झकास, पण सध्या कपाटातच राहू द्या. नेमकी तीच आशा मूल धरून बसतं.

आणि हो, ध्रुवबाळाची गोष्ट त्याला माहीत असेलच. मांडीवरून ढकलणारी सुरुची म्हणजेच सावत्र आई, हे समीकरण पक्कं होण्याआधी येणाऱ्या बाईंना नावानं किंवा ‘मावशी’ म्हणू द्या.