गाण्याखाली कुणाकुणाचं नाव

प्रिय,

तुमच्या बँडची तिन्ही रेकॉर्डिंग ऐकली. दुसरं गाणं रेडिओसाठी छोटं करावं का, सुरुवातीची गिटार कापून थेट शब्दांवर यावं का, असं तू विचारलंस. माझं मत 'नको' असं आहे. आणि तू जे विचारलं नाहीस, त्याबद्दल मला जास्त लिहायचं आहे.

द ऑफस्प्रिंग तुला माहीत आहेत ते मोठाल्या स्टेडियममधल्या कार्यक्रमांमुळे. त्याआधीची त्यांची दहा वर्षं बघ. कॅलिफोर्नियातल्या गार्डन ग्रोव्हमध्ये, १९८४ साली, शाळेच्या धावण्याच्या टीममधल्या दोन मित्रांनी हा बँड काढला: ब्रायन हॉलंड, ज्याला पुढे सगळे डेक्स्टर म्हणू लागले, आणि ग्रेग क्रीझेल. १९८६ मध्ये पदरचे पैसे घालून एक सिंगल, म्हणजे एक-दोन गाण्यांची तबकडी, काढली. १९८९ मध्ये पहिला अल्बम आला, १९९२ मध्ये दुसरा. दोन्ही पंकवाल्यांनी (पंक म्हणजे वेगवान, खडबडीत रॉक) पंकवाल्यांसाठी केलेले, आणि तिथेच राहिलेले. हॉलंड सदर्न कॅलिफोर्निया विद्यापीठात रेण्वीय जीवशास्त्रात पीएचडी करत होता. गिटार वाजवणारा केविन वॉसरमन, म्हणजे नूडल्स, एका प्राथमिक शाळेत सफाईचं काम करत होता. संगीतावर पोट भरेल असं त्यांच्यापैकी कुणी धरून चाललं नव्हतं, आणि याचा गाण्यांना फायदाच झाला असं मला वाटतं. ज्याचं घरभाडं गाण्यावर अवलंबून नसतं, तो गाणं कुणाला आवडेल याचा विचार जरा कमी करतो.

तिसरा अल्बम 'स्मॅश'. नॉर्थ हॉलिवूडच्या एका स्टुडिओत, सुमारे वीस हजार डॉलरमध्ये रेकॉर्ड झालेला. त्या काळी मोठ्या कंपन्यांचा एखाद्या अल्बमवरचा खर्च याच्या कैक पट असे. लेबल, म्हणजे रेकॉर्ड कंपनी, होतं एपिटाफ, बॅड रिलिजन या पंक बँडच्या ब्रेट गुरेविट्झने स्वतःच्या बँडसाठी सुरू केलेलं.

त्यातलं 'कम आउट अँड प्ले' हे गाणं कुठून आलं ते ऐक. हॉलंड प्रयोगशाळेत गरम द्रावणाचे फ्लास्क गार व्हायला ठेवत असे. ते एकमेकांना चिकटून ठेवले की लवकर निवत नाहीत, वेगवेगळे ठेवावे लागतात. हे वाक्य त्याच्या डोक्यात राहिलं. विद्यापीठात जाता-येताना त्याचा रस्ता लॉस एंजेलिसमधल्या टोळ्यांच्या भागातून जायचा. शाळकरी पोरांच्या हातातली शस्त्रं, एकाच वर्गात बसणाऱ्या दोन टोळ्या, हा विषय त्याच्या समोर रोज होता. प्रयोगशाळेतलं वाक्य या विषयावर येऊन बसलं: यांना एकमेकांपासून लांब ठेवायला हवं. ते वाक्य हॉलंडने गायलं नाही. बँडच्या ओळखीतल्या एका मित्राने सपाट आवाजात नुसतं म्हटलं. त्याच्या मागोमाग अरबी वळणाची गिटारची छोटी सुरावट येते, जी त्या वेळच्या पंकमध्ये क्वचितच ऐकू येई.

आता यातलं काय रेडिओसाठी केलं होतं? काहीच नाही. कडव्यांच्या मधोमध गाणं थांबतं, एक माणूस बोलतो, मग एक विचित्र सुरावट येते. तुझ्यासारखा कुणी तेव्हा त्यांच्यात असता तर त्याने नेमकं तेच कापायला सांगितलं असतं. पण गाडी चालवताना अर्धं लक्ष रेडिओकडे असलेल्या माणसाचं डोकं वर झालं ते त्या थांबण्याने. तुमच्या दुसऱ्या गाण्याची सुरुवातीची गिटारही अशीच जरा वेडीवाकडी आहे. म्हणून ती राहू दे.

'स्मॅश' ८ एप्रिल १९९४ रोजी बाजारात आला. लॉस एंजेलिसच्या केआरओक्यू या रेडिओ स्टेशनने ते गाणं उचललं, मग इतर शहरांतल्या स्टेशननी. उन्हाळ्यात ते 'बिलबोर्ड' या संगीत साप्ताहिकाच्या मॉडर्न रॉक यादीत पहिल्या क्रमांकावर होतं. अल्बम अमेरिकेच्या मुख्य यादीत चौथ्या क्रमांकापर्यंत चढला आणि जगभरात त्याच्या एक कोटीहून जास्त प्रती खपल्या. स्वतंत्र लेबलच्या कुठल्याही अल्बमसाठी हा विक्रम मानला जातो.

याला नशीब म्हणून सोडून देणं सोपं आहे. मी अर्धंच नशीब म्हणेन. केआरओक्यूवर रॉडनी बिंगनहायमर हा निवेदक १९७६ पासून त्या भागातले पंक बँड वाजवत होता, म्हणजे त्या शहराचे कान अठरा वर्षं तयार होत होते. निर्वाणा या बँडच्या 'नेव्हरमाइंड' अल्बमने १९९१ मध्ये कर्कश गिटारला रेडिओचं दार उघडून दिलं होतं. ग्रीन डे या पंक बँडचा 'डूकी' हा अल्बम 'स्मॅश'च्याच वर्षी, १९९४ च्या फेब्रुवारीत, आला होता. आणि एका गोष्टीबद्दल फारसं कुणी बोलत नाही: तेव्हा अमेरिकेत एका मालकाला किती स्टेशनं ठेवता येतील यावर देशभरासाठी मर्यादा होती. त्यामुळे बरीच स्टेशनं वेगवेगळ्या हातांत होती आणि काय वाजवायचं हे त्या त्या शहरातला कार्यक्रमप्रमुख ठरवू शकत असे. १९९६ च्या दूरसंचार कायद्याने ती देशव्यापी मर्यादा काढून टाकली. काही वर्षांत एका कंपनीकडे तर हजाराहून जास्त स्टेशनं गेली, आणि प्लेलिस्ट शहराबाहेर ठरू लागल्या. तेच गाणं दहा वर्षांनी आलं असतं तर? मला शंका आहे.

सांगायचा मुद्दा, यातली एकही गोष्ट त्या चौघांच्या हातात नव्हती. तुमच्याही नाही. त्यामुळे त्यावर तालमीचे तास घालवू नका.

असंच दुसरं उदाहरण द क्लॅश या ब्रिटिश पंक बँडचं, आणि ते तर जवळजवळ विनोदी आहे. 'लंडन कॉलिंग' हा अल्बम १९७९ च्या डिसेंबरमध्ये ब्रिटनमध्ये आला. त्यातलं शेवटचं गाणं, 'ट्रेन इन व्हेन', मुळात अल्बमसाठी नव्हतंच. एका संगीत साप्ताहिकाबरोबर फुकट वाटायच्या लवचीक तबकडीसाठी ते केलं होतं. तो बेत फिसकटला आणि गाणं हातात उरलं, म्हणून अल्बमच्या शेवटी जोडलं. तोवर अल्बमची पाकिटं छापून झाली होती, त्यामुळे पाकिटावर त्याचं नावच नाही. बँडमधल्या मिक जोन्सने गायलेलं, प्रेमभंगाचं, क्लॅशच्या राजकीय गाण्यांशेजारी जरा परकं वाटणारं. अमेरिकन रेडिओने नेमकं तेच उचललं. १९८० मध्ये ते तिथल्या यादीत २३ व्या क्रमांकावर गेलं, त्या देशातलं त्यांचं पहिलं खरं हिट. छापील यादीत ज्याला जागाही मिळाली नव्हती ते! तेव्हा तिन्हीपैकी कुठलं गाणं 'चालेल' असं तू विचारलंस, त्यावर मी मत देणार नाही. क्लॅशलाही ते कळलं नव्हतं.

आता तू न विचारलेलं.

अमेरिकेत रेडिओवर गाणं वाजलं की पैसे कुणाला मिळतात, ठाऊक आहे? गीतकार-संगीतकाराला आणि त्याच्या प्रकाशकाला. एएससीएपी आणि बीएमआय यांसारख्या संस्था स्टेशनांकडून ते गोळा करतात आणि वाटतात. ते गाणं ज्यांनी वाजवलं, ज्यांनी रेकॉर्ड केलं, त्यांना एएम-एफएम रेडिओच्या प्रसारणाचे काहीही मिळत नाही. ब्रिटनमध्ये तसं नाही, तिथे वादकांचा आणि रेकॉर्ड कंपनीचा वाटा वेगळी संस्था गोळा करते. पण अमेरिकेत नियम आजही हाच आहे. म्हणजे चार जणांचा बँड, एकाच्या नावावर गाणं, गाणं दिवसातून दहा वेळा वाजतंय, आणि त्या वाजण्याचे पैसे चौघांपैकी एकालाच मिळतायत. यात कुणी कुणाला फसवलेलं नसतं. नियमच तसा आहे. अल्बमच्या विक्रीचा आणि कार्यक्रमांचा हिशोब वेगळा असतो. पण रेडिओचा चेक हा गाण्याखालच्या नावांनुसार येतो.

'कम आउट अँड प्ले'खाली हॉलंडचं एकट्याचं नाव आहे. त्याने ते लिहिलं, त्यात गैर काही नाही. माझा आक्षेप वेगळा आहे. बहुतेक तरुण बँड हा विषय काढतच नाहीत. गाणं फुकट वाजतंय तोवर श्रेय हा सन्मानाचा प्रश्न असतो आणि मैत्रीत सन्मानावरून कोण भांडतं? पहिला मोठा चेक आला की मग आठवू लागतं: ती सुरावट माझी होती, तो ठेका मी बदलला होता, मधली ओळ मी सुचवली होती. प्रत्येकाचं थोडं थोडं खरं असतं. म्हणून वाद मिटत नाही.

चुंबावांबाने हे कसं केलं ते बघण्यासारखं आहे. १९८२ मध्ये एकत्र आलेली ही इंग्लंडमधली अराजकतावादी मंडळी, लीड्समधल्या एका घरात एकत्र राहणारी, पंकमधून निघालेली. १९९७ मध्ये त्यांचं 'टबथंपिंग' ब्रिटनच्या यादीत दुसऱ्या आणि अमेरिकेच्या यादीत सहाव्या क्रमांकावर गेलं. पंधरा वर्षं मुख्य प्रवाहाला शिव्या घातल्यावर! ज्या ईएमआय या बड्या रेकॉर्ड कंपनीविरुद्धच्या गाण्यांच्या एका संकलनात ते १९८९ मध्ये सामील झाले होते, तिच्याशीच त्यांनी करार केला, आणि जुन्या चाहत्यांनी त्यांना फैलावर घेतलं. त्या करारावर तू हसू शकतोस, मीही हसतो. पण गाण्याखाली आठही जणांची नावं होती आणि पैसे सगळ्यांत सारखे वाटले गेले. नायकेला वर्ल्ड कपच्या जाहिरातीसाठी गाणं हवं होतं, त्यांनी दिलं नाही. २००२ मध्ये जनरल मोटर्सला त्यांचं दुसरं एक गाणं वापरू दिलं आणि ते पैसे कॉर्पोरेट कंपन्यांवर पाळत ठेवणाऱ्या कार्यकर्त्यांच्या गटांना देऊन टाकले. बरोबर की चूक हे ठरवायची मला घाई नाही. असे निर्णय त्यांना घेता आले, कारण पैसा कुणाचा हा वाद आधीच निकालात निघालेला होता. आठ जणांनी मिळून 'नाही' म्हणणं एरवी फार अवघड.

सारखी वाटणी हाच एक रस्ता आहे असं मी म्हणत नाही. काही बँड शब्द एकाचे आणि संगीत सगळ्यांचं असं ठरवतात, तेही चांगलं चालतं. टक्के लिहिता येतात. गाण्यागणिक वेगळं ठेवता येतं. काय ठरवता यापेक्षा कधी ठरवता हे मला महत्त्वाचं वाटतं. आत्ता तुमच्या गाण्यांची किंमत शून्य आहे. यापेक्षा चांगली वेळ परत येणार नाही, कारण आत्ता उदार व्हायला कुणाला काही पडत नाही.

'विकले गेलात' हा आरोप तुमच्यावर होईल का, असंही तू शेवटी लिहिलंस. होईल. कॅलिफोर्नियातल्या बर्कलीच्या ९२४ गिलमन स्ट्रीट या पंक क्लबमध्ये मोठ्या कंपनीशी करार केलेल्या बँडना मज्जाव होता, आणि ग्रीन डे तिथेच वाढलेले असूनही त्यांना तो लागू झाला. २०१५ मध्ये ते तिथे पुन्हा वाजवायला गेले. दोन्ही बाजूंना आपापलं कारण होतं, आणि या वादावर तुझ्या वयात खर्च होणारी ताकद मला जरा जास्तच वाटते. ऑफस्प्रिंग तर 'स्मॅश'च्या वेळी मोठ्या लेबलवर नव्हतेच, तरी त्यांना बोलणी बसली. हिट झालं म्हणून बोलणी बसतात, करार कुणाशी केला म्हणून कमी.

जाता जाता एक: हॉलंडची पीएचडी त्या उन्हाळ्यात बाजूला पडली. ती त्याने २०१७ मध्ये पूर्ण केली, एचआयव्हीवरच्या संशोधनाने. तुझ्या घरी अभ्यासावरून चर्चा सुरू आहे हे मला माहीत आहे, म्हणून लिहिलं. बाजू कुणाचीच घेत नाही.

आता काम. पुढच्या तालमीला गिटार काढण्याआधी चौघांनी एका कागदावर तिन्ही गाण्यांची नावं लिहा. प्रत्येक नावापुढे शब्द कुणाचे, चाल कुणाची, वाटा कसा, हे लिहा आणि चौघांनी तारखेसह सही करा. वकील नंतर. चौघांकडे एकेक फोटो राहू दे. तिसऱ्या गाण्यात कडवं संपताना बेस एकटाच दोन फेऱ्या वाजतो आणि मग सगळे परत येतात, ते मला तिन्ही गाण्यांत सर्वांत जास्त आवडलं. तू पाठवलेल्या यादीत त्या गाण्यासमोर फक्त तुझं नाव आहे. ती कल्पना बेसवाल्याची होती का, ते त्याच्या समोर बसून विचार, आणि मग मला नवी यादी पाठव.

तुझा,
दादा