वाचकांचे प्रश्न : घरी शिकणारी मुले आणि आईच्या मैत्रिणी

प्रश्न : माझी मुलगी आठ वर्षांची आहे. दुसरीत असताना रोज सकाळी तिच्या पोटात दुखू लागे. डॉक्टरांना तपासणीत काही आढळले नाही, शाळेत जाऊन बोलूनही फरक पडेना, म्हणून गेल्या जूनपासून मी तिला घरीच शिकवते. आता ती आनंदात असते आणि वाचूही छान लागली आहे. मी मात्र पार थकून गेले आहे. यजमान सातपूरला कारखान्यात पाळीवर असतात आणि सासूबाई येणाऱ्या-जाणाऱ्याला ‘सूनबाईंनी पोरीला घरी बसवली’ असे सांगतात. कॉलेजपासूनच्या माझ्या दोन मैत्रिणी जवळच राहतात. एक घरी ब्लाऊज शिवते, दुसरी पतसंस्थेत नोकरी करते. त्यांची मुले शाळेत जातात. भेटलो की चाचण्या, गुण आणि स्नेहसंमेलन हेच विषय निघतात आणि प्रत्येक वेळी मला माझ्या निर्णयाचे समर्थन करत बसावे लागते. म्हणून मी भेटणेच कमी केले आहे. यापुढे घरी शिकवणाऱ्या इतर कुटुंबांशीच संबंध ठेवावा का?
– एक आई, नाशिक

उत्तर : या दोघींना सोडू नका. घरी शिकवणारी कुटुंबे भेटली तर अवश्य भेटा, त्यांच्याकडून अनुभवाच्या गोष्टी कळतील; पण ती बहुधा दूर राहणारी असतील आणि महिन्या-दोन महिन्यांतून एकदा होणाऱ्या भेटीने तुमची रोजची दमछाक कमी होणार नाही. तुम्हाला हाकेच्या अंतरावरची माणसे हवी आहेत आणि ती तुमच्याजवळ आहेत.

तुमचा थकवा केवळ कामाच्या तासांमुळे आलेला नाही, असे तुमच्या पत्रावरून मला वाटते. शाळेत जाणारे मूल बाई रागावल्या की घरी येऊन आईच्या कुशीत शिरते आणि आई रागावली तर दुसऱ्या दिवशी बाईंना हळूच सांगते. तुमच्या मुलीला वजाबाकी चुकल्यावर टोकणारी आणि नंतर जवळ घेणारी व्यक्ती एकच आहे. तिला तुमच्याविषयी तक्रार करायला जागा नाही आणि तुम्हालाही तिच्यापासून घटकाभर सुटका नाही. म्हणून तिच्या शिक्षणात दुसरे एखादे मोठे माणूस यायलाच हवे, आणि ते तुमच्या विश्वासाचे असावे.

शिवणकाम करणाऱ्या मैत्रिणीपासून सुरुवात करा. ‘मला मदत कर’ असे मोघम सांगू नका, कारण त्यावर कोणीही ‘हो, सांग ना कधीही’ असे म्हणते आणि ती वेळ कधीच येत नाही. ‘दर बुधवारी चार ते साडेपाच हिला तुझ्याकडे पाठवू का?’ असे विचारा. तिथे मुलगी बाहुलीचा झबला बेतेल. टेपने बाहुलीच्या छातीचा घेर मोजायचा, तो समजा बारा इंच आला तर त्याचा चौथा भाग तीन इंच, त्यात अर्धा इंच सैलपणासाठी आणि अर्धा इंच शिलाईची माया धरून वर्तमानपत्राची चौपदरी घडी चार इंचांवर कापायची, हे तिने एकदा स्वतःच्या हाताने केले की पाव आणि अर्धा यांची तिला धास्ती राहणार नाही. कात्री चुकीची चालली तर कागद वाया जातो आणि पुन्हा मापावे लागते; ते मावशीसमोर घडते, आईसमोर नाही, हा मोठाच फायदा आहे. पतसंस्थेतल्या मैत्रिणीला रविवारी अर्धा तास मागा. स्लिप कशी भरतात, व्याज कसे धरतात, शंभर रुपयांचा हिशेब दोन रकान्यांत कसा लिहितात, हे ती तुमच्यापेक्षा सहज शिकवील.

याची परतफेडही ठरवून करा. शनिवारी दुपारी दोघींची मुले तुमच्याकडे येऊ द्या. ‘बालभारती’ची पाठ्यपुस्तके आणि ‘किशोर’ मासिकाचे जुने अंक संकेतस्थळावर विनामूल्य मिळतात. त्यातले काही मोठ्याने वाचून घ्या, काड्या आणि सायकलच्या व्हॉल्व्हची नळी जोडून त्रिकोण-चौकोन करायला बसवा. त्रिकोण दाबला तरी मोडत नाही आणि चौकोन लगेच कलतो, हे मुलांना बोटांनीच कळते. तुमच्या मुलीला सवंगडी मिळतील, मैत्रिणींना दोन तासांची उसंत मिळेल, आणि तुम्ही घरी नेमके काय करता ते त्यांना दिसेल. एकदा ते दिसले की समर्थनाचे प्रसंग आपोआप कमी होतील. गुणांची चर्चा नकोशी वाटते, हे मात्र मनात न ठेवता एकदा शांतपणे सांगून टाका. त्यांच्या प्रश्नांत कुचेष्टेपेक्षा काळजी अधिक असण्याची शक्यता आहे.

आपल्याकडे बालशिक्षणाचे फार मोठे काम दोन बायकांच्या सोबतीतून उभे राहिले आहे. ताराबाई मोडक यांनी १९४५ मध्ये आताच्या पालघर जिल्ह्यातल्या बोर्डीला ग्राम बाल शिक्षा केंद्र सुरू केले आणि अनुताई वाघ त्यांच्याबरोबर तिथे आल्या. पुढे कोसबाडच्या टेकडीवर, १९७३ मध्ये ताराबाईंचे निधन होईपर्यंत, दोघींनी एकत्र काम केले. मुले शाळेत येत नाहीत तर शाळाच त्यांच्या अंगणात न्यावी, गुरे राखणाऱ्या मुलांसाठी कुरणात भरवावी, हे त्यांनी आदिवासी पाड्यांवर करून दाखवले. वर्गाच्या चार भिंतींबाहेरही मूल शिकते, हे त्यातून सिद्ध झाले. तुम्ही एकटीने मात्र ते सगळे पेलण्याचा हट्ट धरू नये, असे मला कळकळीने सांगावेसे वाटते.

आठ वर्षांच्या एका मुलाला समोर बसवून शिकवताना भाषा आणि गणित यांना दिवसाला दोन-अडीच तास पुरतात, असे माझे मत आहे. शाळेचे वेळापत्रक घरात आणू नका. यजमानांच्या साप्ताहिक सुट्टीतले काही तास त्यांच्याकडे ठरवून सोपवा आणि त्या वेळेत मैत्रिणींना मुलांशिवाय भेटा. सासूबाईंना समजावण्यात शक्ती घालवण्यापेक्षा रोज संध्याकाळी मुलीला त्यांना एक पान वाचून दाखवू द्या.

प्रश्न : माझ्या जिवलग मैत्रिणीने मुलाला शाळेतून काढून घरी शिकवायला घेतले आहे. मला हे पटलेले नाही. तिला तसे सांगावे की गप्प राहावे?
– एक वाचक, ठाणे

उत्तर : एकदा स्पष्ट सांगा, तिची कारणे पूर्ण ऐकून घ्या आणि मग तो विषय पुन्हा पुन्हा उकरू नका. तिच्या मुलाला पाहुण्यांसमोर ‘सांग पाहू बाराचा पाढा’ असे विचारण्याचा मोह कटाक्षाने टाळा. त्यात परीक्षा मुलाची होत नाही, आईची होते, आणि ते त्या दोघांनाही कळते. तिला ‘अभ्यास कुठपर्यंत आला?’ याआधी ‘तू जेवलीस का, झोप होते का?’ असे विचारणारी तुम्ही एकटीच असाल.

काही बाबतीत मात्र गप्प राहणे ही मैत्री नव्हे. मूल इतर मुलांना भेटतच नसेल, वर्ष उलटूनही शिकण्यात काहीच हालचाल नसेल, किंवा घरच्या शिक्षणाच्या नावाखाली धाकट्या भावंडाला सांभाळणे आणि घरकाम एवढेच चालले असेल, तर तुम्ही बोललेच पाहिजे. मुलींच्या बाबतीत हा धोका अधिक असतो.

प्रश्न : मुलाला घरी शिकवणे कायद्यात बसते का? पुढे दहावीचे काय?
– एक पालक, कोल्हापूर

उत्तर : बालकांच्या मोफत व सक्तीच्या शिक्षणाचा २००९ चा कायदा १ एप्रिल २०१० पासून लागू आहे आणि तो ६ ते १४ वर्षांच्या मुलांसाठी आहे. त्याच्या कलम १० मध्ये मुलाला जवळच्या शाळेत दाखल करणे हे पालकांचे कर्तव्य म्हटले आहे. ते न केल्यास पालकांना शिक्षा मात्र सांगितलेली नाही. घरच्या शिक्षणाला या कायद्यात वेगळी मान्यता किंवा नोंदणीची सोय नाही. कलम ४ तुमच्या उपयोगाचे आहे, कारण शाळेबाहेर राहिलेल्या मुलाला वयानुरूप वर्गात प्रवेश मिळण्याची तरतूद त्यात आहे. म्हणजे परतीची वाट उघडी राहते. शाळा सोडल्याचा दाखला आणि जन्मदाखला जपून ठेवा.

शाळेत न जाता परीक्षा देता येणाऱ्या राष्ट्रीय मुक्त विद्यालयी शिक्षण संस्थेच्या (एनआयओएस) अ, ब आणि क या पातळ्या अनुक्रमे तिसरी, पाचवी आणि आठवीच्या समकक्ष आहेत. या संस्थेच्या दहावीसाठी वयाची १४ वर्षे पूर्ण असावी लागतात, निदान एका भाषेसह पाच विषय घ्यावे लागतात आणि ते पाच वर्षांच्या मुदतीत टप्प्याटप्प्याने देता येतात. मराठी माध्यमाचीही सोय आहे. राज्य मंडळाकडून दहावी-बारावीला खासगीरीत्या बसायचे असल्यास १७ नंबरचा फॉर्म भरतात. त्याच्या अटी आणि तारखा मंडळाच्या सूचनेत त्या-त्या वर्षी पाहाव्यात. अभियांत्रिकी पदवीच्या आणि वैद्यकीय प्रवेशांना सहसा बारावी लागते, तेव्हा मुलाचा कल दिसू लागला की कोणत्या मंडळाची परीक्षा द्यायची, हे आठवीच्या वयातच ठरवलेले बरे.