तो अर्धा मिनिट का कापला नाही?

भाऊ, दारव्हा तालुक्यातून आलेलं तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. मुलगी बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला आहे, तिला माहितीपटांची एडिटर व्हायचंय. तुमचं म्हणणं, तिनं एमपीएससी करावी. आणि दिवाळीनंतर स्थळं बघायची. मोबाइलवर तिनं आजीची नऊ मिनिटांची फिल्म केली. त्यात आजी म्हणते, ‘त्या साली बोंडअयीनं सारं खाल्लं,’ आणि मग अर्धा मिनिट नुसती कापूस वेचत राहते. तुम्ही लिहिता, ‘एवढा फालतू भाग कापता आला नाही, ही काय एडिटिंग करणार?’

भाऊ, तो भाग तिनं मुद्दाम ठेवलाय. २०१७ साली गुलाबी बोंडअळीनं काय केलं, हे तुम्हाला मी काय सांगू! तेवढं सांगितल्यावर तुमच्या आईला पुढे बोलवेना, पण हात वेचत राहिले. तीन तासांच्या चित्रणातून पोरीला नेमकं हे दिसलं.

एडिटिंग म्हणजे नको ते कापणं, हा समज फार पसरलाय. माहितीपटाला बहुतेकदा आधी लिहिलेली पटकथा नसते. एडिटर तासन्‌तास चित्रण बघतो, कोण कुठे काय बोललं, कुठे अडखळलं ते टिपून ठेवतो, आणि गोष्ट त्यातून, एडिटिंगच्या टेबलावर उभी राहते. कधी कधी यात महिने जातात. सॉफ्टवेअर हा त्यातला सोपा भाग. दा विंची रिझॉल्व्हची मोफत आवृत्ती मिळते, त्यावर हात बसतो. तेव्हा ‘हट्टच धरला तर दोन एकर विकून नागपुरात क्लास लावतो’ हे डोक्यातून काढा. जमीन विकू नका.

सिनेमा शिकवणाऱ्या दोन संस्था आहेत, पुण्याची एफटीआयआय आणि कोलकात्याची सत्यजित राय संस्था; दोन्हीकडे प्रवेश परीक्षा असते आणि कोणत्याही शाखेची पदवी चालते, म्हणून बी.एस्सी. पूर्ण होऊ द्या. महिन्याच्या पगाराची हमी या कामात नाही. पुष्कळ जण जाहिराती, बातम्या, संस्थांचे व्हिडिओ करत माहितीपट करतात. दीपा भाटिया यांनी ‘तारे जमीन पर’ एडिट केला आणि आपल्या विदर्भातल्या शेतकऱ्यांवर ‘नीरोज गेस्ट्स’ हा माहितीपटही केला.

मला काळजी लागली ती ‘दिवाळीनंतर’ या शब्दाची. एमपीएससीलाही वर्षं द्यावी लागतात, ती तरी तुम्ही तिला कुठे देताय? स्थळ जमलं की परीक्षाही राहील आणि एडिटिंगही. पोरीला खरंच अधिकारी करायचं असतं, तर पत्रात स्थळांचा विषय आला नसता. हे तुम्हाला लागेल, तरी लिहितोय. आणि ‘सध्या तिचा मोबाइल माझ्या कपाटात आहे’ हे वाक्य तुम्ही जाता जाता लिहिलंत. ज्यावर तिनं तुमच्या आईला जपून ठेवलं, तोच मोबाइल!

तो आज काढून द्या. आईला आणि तिला जवळ बसवा, ती नऊ मिनिटं पुन्हा बघा. मग तिला विचारा, तीन तासांतलं काय काय काढलंस, आणि हे का ठेवलंस. ती काय म्हणाली ते मला कळवा.