वही आधी परत द्या, नीटचं मग बोलू

भाऊ, तुमचं पत्र वाचलं. मुलगी बारावीत, अकोल्याला हॉस्टेलवर राहून नीटचा क्लास करते, टेस्टमधे मार्क येत नाहीत, म्हणून दिवाळीत घरी आली तेव्हा तुम्ही तिची बॅग तपासली अन् त्यात एक वही निघाली. काळाचा वेग कुठं संथ कुठं जलद झाला तर जिवंत शरीराचं काय होईल, असं एक अख्खं सायन्स तिनं मनानं रचलंय. वही तुम्ही कपाटात कुलूपबंद केली. आता विचारता, हे खूळ काढू कसं, अन् वावर गहाण टाकून पुढच्या वर्षी रिपीट करायला लावू का.

मार्कांचं मला काही वाटलं नाही. सहीच्या वरती तुम्ही लिहिलंय ना, "तेव्हापासून पोरगी जेवते पण बोलत नाही", तिथं मी थांबलो. भाऊ, ही ओळ पत्रात सगळ्यात आधी यायला पाहिजे होती. सतरा वर्षांची पोरगी घरात बोलणं बंद करते तेव्हा रँकबिंक सगळं बाजूला ठेवायचं असतं. सगळं तिच्यासाठीच करता हे मान्य, पण बापानं वावर गहाण टाकलंय हे डोक्यात घेऊन ती पेपर कसा सोडवेल हो? माझं स्पष्ट मत आहे, वावर गहाण टाकू नका. आणि वही आज संध्याकाळीच तिच्या हातात द्या, उगाच भाषण न देता.

खूळ दाखवायला म्हणून तुम्ही पानांचे फोटो पाठवले, ते मी दोनदा वाचले. एका पानावर कोंबडीचं अंडं आहे, अर्धं संथ काळात, अर्धं जलद काळात. खाली तिनं विचारलंय, पिल्लाचं हृदय जलद बाजूला असेल तर ते ढकलेल तेवढं रक्त संथ बाजू घेईल का? हा शरीरशास्त्राचा अस्सल प्रश्न आहे, अन् तो तिला कोणी गाईडमधून दिलेला नाही.

बेटा, आता तुझ्याशी. एक गोष्ट तुझी चुकली. संथ पट्ट्यात गेलेल्या माणसाला स्वतःची नाडी मंद लागते, स्नायू झिजतात, असं तू लिहिलंस. आईन्स्टाईनच्या हिशोबानं तसं होत नाही. नाडी, श्वास, विचार, मनगटावरचं घड्याळ सगळं सारखंच संथ होतं, म्हणून त्याला स्वतःला काहीच कळत नाही, फरक दिसतो तो परत येऊन दुसऱ्याशी ताडून पाहिल्यावर. अंतराळ स्थानकात सहा महिने राहिलेला माणूस आपल्यापेक्षा जेमतेम ०.००५ सेकंद कमी म्हातारा होतो. त्याचे स्नायू अन् हाडं झिजतात ती वजन न जाणवल्यामुळं, त्यात काळाचा हात नाही. तुझं अंडं मात्र बरोबर आहे, कारण तिथं एकाच शरीरात दोन वेग आहेत.

आणि हे खरंच घडतं, आपल्या वावरात घडतं. रात्रीची लाईन असली की बाबा मध्यरात्री हरभऱ्याला पाणी द्यायला जात असतील, अवेळी भाकर खात असतील. मेंदूतलं घड्याळ उजेडावर चालतं, लिव्हरचं जेवणाच्या वेळेवर सरकतं, मग एकाच माणसाच्या आत दोन वेळा होतात. याचं रीतसर शास्त्र आहे, क्रोनोबायोलॉजी. पिकल्या केळावर घोंघावणाऱ्या चिलटांमधे १९७१ साली कोनोप्का आणि बेंझर यांना असे बदल सापडले की ज्यांनी चिलटाचा दिवसच लहान-मोठा होतो, अन् त्यामागच्या जीनचं काम उलगडणाऱ्या हॉल, रोसबॅश, यंग या तिघांना २०१७ चं नोबेल मिळालं. आपल्या देशात मदुराईला चंद्रशेखरन सरांनी यावर बरीच वर्षं काम केलं.

हे शिकायचे रस्ते सांगतो. आयसर अन् नायसर या सरकारी विज्ञान संस्था. आयसरसाठी आयएटी, नायसरसाठी नेस्ट या प्रवेश परीक्षा, दोन्ही बारावीवर. नाहीच जमलं तर जवळच्या कॉलेजात बीएस्सी, मग एमएस्सी. भाऊ, यात पीएचडीपर्यंत बरीच वर्षं जातात, अन् गावात दवाखान्याची पाटी लागणार नाही, हे आत्ताच ऐकून ठेवा. नीट यंदा द्यायचीच असेल तर देऊ दे, पण रिपीट करायचं की नाही ते ती ठरवेल.

तिनं बारावीला गणित ठेवलंय का ते पत्रात नाही. आयएटीत गणिताचेही प्रश्न असतात. तेवढं कळवा, आणि शक्यतो तिलाच लिहू द्या.