एखादी व्यक्ती हिरो किंवा लेजंड नेमकी कशामुळे ठरते?

तुम्ही विचारलंय की माणूस हिरो किंवा लेजंड कशामुळे होतो: यशामुळे, त्यागामुळे की नुसत्या प्रसिद्धीमुळे? माझ्या मते हे दोन निरनिराळे प्रश्न आहेत. हिरो कोण, हे त्या माणसाच्या करणीवरून ठरतं. लेजंड कोण, हे मागे राहिलेले सांगणारे ठरवतात, आणि त्यांचे हिशेब फार वेगळे असतात.

आधी हिरो. माझी कसोटी साधी आहे. त्या वेळी त्याला बाजूला होता येत होतं का? आणि बाजूला न होण्याची किंमत त्याला ठाऊक होती का? दोन्हींचं उत्तर हो असेल आणि ती किंमत दुसऱ्यांसाठी मोजली असेल, तर तो हिरो. मोठा फलंदाज, थोर गायक, शून्यातून वर आलेला उद्योजक यांच्याबद्दल मलाही आदर आहे, पण या कसोटीत ते बसत नाहीत.

26 नोव्हेंबर 2008 च्या रात्री गिरगाव चौपाटीच्या नाकाबंदीवर सहायक उपनिरीक्षक तुकाराम ओंबळे लाठी घेऊन उभे होते. समोर एके-47 होती. त्यांनी बंदुकीची नळी धरली, गोळ्या अंगावर घेतल्या, आणि तेवढ्या अवधीत सहकाऱ्यांनी कसाबला जिवंत पकडलं. मरणोत्तर अशोकचक्र त्यांना मिळालं. काही जण म्हणतात, दोन-चार सेकंदांत कसला आलाय निर्णय, ती तर प्रतिक्षिप्त क्रिया. मला हे अजिबात पटत नाही. बंदूक रोखलेली दिसली की शरीराची प्रतिक्षिप्त क्रिया मागे सरण्याची असते.

पण हिरो म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे झेप घेणाराच येतो, आणि इथे आपली फसगत होते. 26 सप्टेंबर 1983 ला मध्यरात्रीनंतर सोव्हिएत अधिकारी स्तानिस्लाव्ह पेत्रोव्ह मॉस्कोजवळच्या एका नियंत्रण केंद्रात कामावर होते. उपग्रहांवर चालणाऱ्या यंत्रणेनं इशारा दिला की अमेरिकेनं क्षेपणास्त्र सोडलंय. मग दुसरं, तिसरं, असं करत पाच. नियम असा की वर कळवायचं, पुढचं वरचे बघतील. पेत्रोव्हनी वर कळवलं, पण हा इशारा खोटा आहे असं. त्यांचा विचार असा होता की खरा हल्ला पाच क्षेपणास्त्रांनी कोण सुरू करेल? शिवाय जमिनीवरच्या रडारवर काही दिसत नव्हतं. तरी खात्री नव्हतीच. आपल्याला ते पन्नास-पन्नास टक्के वाटत होतं, असं त्यांनी नंतर सांगितलं. ढगांवरून परावर्तित झालेल्या सूर्यप्रकाशानं यंत्रणा फसली होती. एवढं होऊन त्यांना बोलणी खावी लागली ती त्या वेळी नोंदवही नीट भरली नाही म्हणून! हे प्रकरण जगाला कळलं सोव्हिएत संघ कोसळल्यावर. मधली सगळी वर्षं हा माणूस हिरो होता, आणि लेजंडच्या जवळपासही नव्हता.

निकोलस विंटन यांचं उदाहरण उलट्या बाजूचं आहे. दुसऱ्या महायुद्धाच्या तोंडावर प्रागमधून 669 मुलांना, त्यातली बहुतेक ज्यू, ब्रिटनमध्ये आणण्यात या माणसाचा मोठा वाटा. परवाने मिळवणं, प्रत्येक मुलासाठी सांभाळणारं कुटुंब शोधणं, हे सगळं त्यांनी लंडनमधून केलं. 1988 मध्ये ब्रिटिश टीव्हीच्या एका कार्यक्रमात त्यांना प्रेक्षकांत बसवलं होतं, आणि मग कळलं की आजूबाजूला बसलेली प्रौढ माणसं म्हणजे त्यांनीच वाचवलेली मुलं. तिथून ते जगाचे हिरो झाले. स्वतः विंटन मात्र म्हणत राहिले की मला कधी धोका नव्हताच. धोका पत्करला तो प्रागमध्ये राहून काम करणाऱ्या ट्रेव्हर चॅडविक आणि डोरीन वॉरिनर यांनी. मला विंटन यांचं म्हणणं बरोबर वाटतं. ते अतिशय भले आणि विलक्षण कामसू गृहस्थ होते, आणि लंडनमधलं ते कंटाळवाणं कागदी काम नसतं तर गाड्या सुटल्याच नसत्या. पण चॅडविक आणि वॉरिनर ही नावं किती जणांनी ऐकलीत? त्यांच्या वाट्याला तो टीव्हीवरचा प्रसंग आला नाही.

लेजंडची सुरुवात अशी होते. प्रसंग डोळ्यांपुढे उभा राहावा लागतो, एका दमात सांगता यावा लागतो, आणि कुणीतरी सांगणारा लागतो. अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धाच्या तोंडावर, 18 एप्रिल 1775 च्या रात्री, इंग्रज फौज येतेय ही खबर द्यायला पॉल रिव्हिअर घोड्यावरून निघाला, तसा विल्यम डॉजही निघाला होता. वाटेत सॅम्युअल प्रेस्कॉट त्यांना येऊन मिळाला. कॉन्कर्डपर्यंत पोहोचला तो प्रेस्कॉट. रिव्हिअरला तर मध्येच इंग्रज गस्तीनं पकडलं होतं. पुढे सुमारे 85 वर्षांनी लाँगफेलोनं कविता लिहिली ती रिव्हिअरवर, आणि अमेरिकेतल्या शाळकरी मुलांसाठी विषय संपला.

आपल्याकडचं बघायचं तर तानाजी मालुसरे. 1670 च्या फेब्रुवारीत कोंढाणा घेताना ते पडले, हा इतिहास. सभासदाच्या बखरीत मावळे वानरासारखे कडा चढून गेले असं येतं, घोरपड नाही. घोरपड आणली ती पोवाड्यानं. लहानपणी ऐकलेल्या गोष्टीतून ती काढून टाकायला मीही तयार होणार नाही, हे प्रामाणिकपणे सांगतो. ती खरी की खोटी यापेक्षा मला एक गोष्ट महत्त्वाची वाटते: तानाजींचं मोठेपण तिच्यावर अवलंबून नाही. घरात मुलाचं लग्न असो वा नसो, घोरपड असो वा दोर, रात्री तो कडा चढून जाणं पुरेसं आहे. आणि त्याच रात्री त्याच गडावर किल्लेदार उदेभानही लढतच मेला. पोवाडा त्याचा झाला नाही, कारण गाणारे आणि ऐकणारे या बाजूचे होते. एकाचा हिरो दुसऱ्याचा शत्रू असतो, यावर लोक पानंच्या पानं लिहितात. मला त्यात याहून जास्त काही दिसत नाही.

यशाबद्दल तुम्ही विचारलंय, तर लेजंड व्हायला यश लागतंच असं नाही. उलट थोडक्यात हुकलेली गोष्ट जास्त टिकते. 1960 च्या रोम ऑलिंपिकमध्ये 400 मीटर शर्यतीत मिल्खा सिंग चौथे आले, पदक सेकंदाच्या दहाव्या भागानं गेलं. पहिला आलेला ओटिस डेव्हिस, त्यानं विश्वविक्रम केला होता. ते नाव आपल्याकडे कुणाला विचारून बघा. ब्रॅडमनची सरासरी 99.94. 1948 मध्ये शेवटच्या डावात चार धावा झाल्या असत्या तर ती बरोब्बर शंभर भरली असती, आणि तो शून्यावर बाद झाला. शंभर हा आकडा भरला असता तर आपण तो इतक्या हळहळीनं सांगितला असता का? मला शंका आहे.

याचं सर्वांत टोकाचं रूप म्हणजे दक्षिण ध्रुवावर आधी पोहोचण्याची शर्यत. नॉर्वेचा अमुंडसेन 14 डिसेंबर 1911 ला तिथे पोहोचला आणि सगळ्या साथीदारांसह धडधाकट परत आला. कुत्री, स्की, अन्नाचे साठे, सगळं आधी मोजूनमापून ठरवलेलं. ब्रिटनचा स्कॉट महिनाभरानं पोहोचला आणि परतताना चारही साथीदारांसह मेला. पण तो शेवटपर्यंत रोजनिशी लिहीत होता, आणि ती सापडली. पुढे कितीतरी वर्षं ब्रिटनमध्ये मोठेपण म्हणजे स्कॉट. नीट तयारी करून सगळ्यांना जिवंत परत आणणं ही सांगण्यासारखी गोष्टच वाटत नाही लोकांना! मोहिमेवर जायची वेळ आली तर मी अमुंडसेनच्याच मागे जाईन.

आता माझ्या कसोटीला अडचणीत आणणारा माणूस. बिहारमधल्या गया जिल्ह्यातल्या गेहलौरचे दशरथ मांझी. डोंगराच्या आडकाठीमुळे बायकोला वेळेत उपचार मिळाले नाहीत आणि ती गेली. मग 1960 ते 1982 अशी 22 वर्षं हातोडा आणि छिन्नी घेऊन त्यांनी डोंगरातून वाट काढली. इथे बंदूक नाही, शत्रू नाही, निर्णयाचा एक क्षण नाही. पण बाजूला होणं त्यांना रोज शक्य होतं, आणि लोकांनी वेड्यात काढलेलं सोसून सगळं तारुण्य त्यात गेलं. म्हणून किंमत म्हणजे फक्त जीव असं मी धरत नाही, आणि मांझींना हिरो म्हणायला मला अडचण वाटत नाही. लेजंड तर ते झालेच. त्यातही सांगणाऱ्यांनी आपली निवड केली आहे. गोष्ट बायकोवरच्या प्रेमाची म्हणून सांगितली जाते. त्या वाटेचा पक्का रस्ता व्हावा, गावाला दवाखाना मिळावा म्हणून त्यांनी सरकारदरबारी जे खेटे घातले, ते तिच्यात फारसे येत नाहीत.