ल्हामो चित्रित करताना आधी आवाज सांभाळ

धरमशालेत ल्हामो, म्हणजे तिबेटी गीतनाट्य, चित्रित करणार असशील तर कॅमेऱ्याआधी आवाजाचं बघ. साथीला फक्त ढोल आणि झांजा. झांज कडाडली की रेकॉर्डिंग फाटतं आणि फाटलेला आवाज नंतर धड दुरुस्त होत नाही. म्हणून गाण्याची पातळी रेकॉर्डरच्या मीटरवर उणे 18 डेसिबलच्या आसपास ठेव, झांजांसाठी वेगळा माइक लांब लाव. प्रयोग दिवसभर चालू शकतो, बॅटऱ्या दुप्पट ने. ट्यूबलाइटखाली कॅमेऱ्याचं शटर 1/50 सेकंदावर ठेव, नाहीतर चित्र लुकलुकतं. वृद्ध कलावंतांना त्यांच्याच बोलीत बोलू दे, भाषांतर पुढे कधीही होईल. बोली तिबेटच्या कुठल्या प्रांताची, खामची, आम्दोची की उ-त्सांगची, हे त्यांच्याच तोंडून रेकॉर्ड कर. त्याच रात्री दोन हार्डडिस्कवर प्रती काढ.